पानशेतच्या पुराचं फुटेज शोधताना

पुण्याजवळचं पानशेत धरण फुटलं १२ जुलै १९६१ ला. त्यावरच्या माहितीपटासाठी जुनं फुटेज जमवायला लागलो आणि पहिल्यांदा हेच कळलं, की मला सापडलेल्या बहुतेक रिळांत पूर नाहीच. चिखल आहे, पडलेले वाडे आहेत, पाहणीला आलेले पुढारी आहेत. साहजिकच आहे म्हणा. धरण सकाळी फुटलं, दुपारी पाणी पुण्याच्या पेठांत. मुंबईहून वृत्तपटवाले पोचेपर्यंत नदी पात्रात परतली होती.

दुसरा घोळ हक्कांचा. १९६१ मध्ये प्रदर्शित झालेल्या वृत्तपटाचा कॉपीराइट ६० वर्षांनी, म्हणजे २०२१ अखेर संपला. पण हक्क संपला म्हणून रीळ थोडंच हातात पडतं! ज्याच्या गोदामात ते आहे तो प्रतीचे आणि स्कॅनिंगचे पैसे मागणारच. एका ठिकाणी सेकंदावर दर होता. महोत्सवाचा वेगळा, ओटीटीचा वेगळा.

खरं पाणी मिळालं ते नारायण पेठेतल्या एका घरात, ८ मिमीच्या घरगुती रिळात. डबा उघडताच व्हिनेगरचा वास आला. ॲसिटेट फिल्म कुजायला लागली की येतो तो. अशी फिल्म आकसते, कडेची भोकं प्रोजेक्टरच्या दात्यांवर बसत नाहीत आणि जोर केला की फाटते. म्हणून दाते नसलेल्या स्कॅनरवर नेली. रीळभर कुणाची तरी मुंज, आणि मध्येच गच्चीवरून दिसणारी, पाण्याने भरलेली गल्ली. मोजके सेकंद. चित्रण सेकंदाला १६ फ्रेमचं, त्यामुळे २५ ने चालवलं की माणसं उगाच धावपळ करताना दिसायची. वेग उतरवून घेतला. कुटुंबाकडून लेखी परवानगीही घेतली.

एडिटर म्हणाला, "दुसऱ्या कुठल्या पुराचे शॉट टाकू, पाणी ते पाणीच." मी नाही म्हटलं. पाण्याचा आवाजही वरून चढवला नाही. वृत्तपट तेव्हा बहुधा मुकेच चित्रित होत, निवेदन आणि संगीत मागाहून लागे. जिथे चित्र नव्हतं तिथे पडदा काळा ठेवून पूर पाहिलेल्यांचे आवाज ऐकवले.

आणि हो, मास्टर प्रतीचे पैसे भरण्याआधी वॉटरमार्कवाली प्रत पेठेतल्या जुन्या माणसांना दाखवा. 'पुणे, पूर' अशी नोंद असलेला एक शॉट बघून एक आजी फटकन म्हणाल्या, "हा पूल आपला नाही रे." कमानी मोजल्या. खरंच नव्हता.