मुखवट्याआडची हिंदी

सॅम रायमी यांचा ‘स्पायडर-मॅन’ २००२ साली भारतात इंग्रजीबरोबरच हिंदी, तमिळ आणि तेलुगूतही प्रदर्शित झाला. पुढे तो केबलवर इतक्या वेळा लागला, की आमच्यापैकी अनेकांच्या लेखी पीटर पार्कर हा मुळातच हिंदी बोलणारा मुलगा आहे.

डबिंगला नाके मुरडणाऱ्यांचे लक्ष नेहमी ओठांवर असते आणि त्यात त्यांचे फारसे चुकत नाही. प, ब, म म्हणताना ओठ मिटतात. पडद्यावरचा नट ओठ मिटतो त्याच सुमारास हिंदी वाक्यातही तसे अक्षर यावे, वाक्य त्याचे तोंड थांबताच संपावे आणि एवढे करूनही ते कोणीतरी सहज बोलल्यासारखे वाटावे, ही संवादलेखकाची कसरत असते. सुपरहिरोच्या चित्रपटात मात्र मुखवटा त्याच्या मदतीला धावून येतो. तोंड पूर्ण झाकलेल्या स्पायडर-मॅनने मारामारीच्या धांदलीत मारलेला टोमणा हिंदीत चार शब्दांनी लांबला, तरी तो पकडणार कोण? खलनायक ग्रीन गॉब्लिनचा मुखवटा तर कायमचाच दात विचकून बसलेला आहे.

खरी परीक्षा मुखवटा उतरल्यावर सुरू होते. गॉब्लिनच्या मुखवट्यामागचा नॉर्मन ऑस्बॉर्न आरशापुढे आपल्यातल्याच राक्षसाशी बोलतो, तेव्हा विलेम डेफो यांचा चेहरा आरशाबाहेर भेदरलेला आणि आरशात कुत्सित असतो. हिंदी कलाकाराजवळ चेहरा नाही. कानात मूळ इंग्रजी, समोर पडद्यावर तो तुकडा आणि हातात संहिता, एवढ्या सामग्रीवर त्याला एकाच गळ्यातून दोन माणसे उभी करायची असतात. जे. के. सिमन्स यांचा संपादक जेमसन हा आणखी एक घाम फोडणारा इसम. तो श्वास न घेता खेकसतो. पण हिंदीत त्याचे खेकसणे कामगारांवर डाफरणाऱ्या एखाद्या शेटजीसारखे वाटते आणि मला तरी तो मूळ संपादकापेक्षा अधिक ओळखीचा वाटतो.

याच मालिकेतला तिसरा चित्रपट २००७ साली भोजपुरीतही आला. मराठीला मात्र असा मान क्वचितच मिळतो. २०२३ चा ‘अक्रॉस द स्पायडर-व्हर्स’ हा ॲनिमेशनपट इतर भारतीय भाषांबरोबर मराठीतही आला खरा. पण एरवी मराठी प्रेक्षकाला हिंदी समजते, याची वितरकांना जरा जास्तच खात्री असावी.