गावच्या स्मारकावर थोरल्या आजोबांचं नाव लावताना : माझा अनुभव

आमच्या गावच्या शहीद स्मारकावर थोरल्या आजोबांचं, म्हणजे आजोबांच्या मोठ्या भावाचं, नाव यंदा लागलं. पण लढाईत गेलेल्या माणसाचं डिस्चार्ज बुक, म्हणजे फौजेतून सुटून घरी येताना मिळणारं पुस्तक, माझ्याकडं मागितलं गेलं, त्याचा राग अजून गेलेला नाही. कोल्हापूर जिल्ह्यात अशी घरं पुष्कळ आहेत, म्हणून लिहितोय. शिरोळ तालुक्यातल्या सैनिक टाकळीचं नाव सगळ्यांना ठाऊक असतं, पण फौजेत माणसं दिलेली गावं इथं पावलोपावली आहेत.

थोरले आजोबा मराठा पलटणीत होते. नोव्हेंबर १९४३ मध्ये इटलीत, सांग्रो नदीच्या लढाईत गेले. लग्न झालं नव्हतं. ग्रामसभेत ठराव एकमुखानं झाला. मात्र नाव कोरण्याआधी पडताळणीचं पत्र आणा, असं ग्रामपंचायतीनं सांगितलं. ते रास्तच होतं.

घोडं अडलं ते पत्र देणाऱ्या कार्यालयात. तिथला छापील अर्ज निवृत्त सैनिकांसाठीचा. त्यात डिस्चार्ज बुकाचा रकाना.

"ते जोडल्याशिवाय अर्ज घेता येत नाही."

"साहेब, ते परत आलेच नाहीत. डिस्चार्ज कुठला मिळणार?"

"मग मृत्यूचा दाखला आणा."

गावच्या नोंदवहीत इटलीतला मृत्यू कसा सापडणार? ग्रामसेवकांनी "नोंद आढळत नाही" असं लेखी दिलं, तर तेही चालेना. पुढच्या खेपेला टेबलावर दुसरे साहेब, आणि वारस दाखल्याची मागणी. मी पेन्शन मागत नव्हतो, जमीन मागत नव्हतो. दगडावर एक नाव हवं होतं. माझे वडील पंचाहत्तरी ओलांडलेले, ते बाहेरच्या बाकावर बसून राहायचे आणि मी बाहेर आलो की नुसते माझ्याकडं बघायचे. त्या बघण्यानं जास्त चीड यायची.

शेवटी गावातल्या एका निवृत्त सुभेदारांनी सांगितलं, "तो फॉर्म भरूच नको. साध्या कागदावर अर्ज कर, वर ठरावाची प्रत लाव आणि पोच घे." पोच घेतल्यावर अर्ज कुणाला बाजूला ठेवता आला नाही.

पुरावा मात्र भक्कम लागतो. पणजीच्या पेन्शनचा एक कागद ट्रंकेत होता, घडीवर फाटलेला, शाई तपकिरी झालेली. त्यावर पलटणीतला नंबर वाचता येत होता. ब्रिटन, भारत अशा कॉमनवेल्थ देशांच्या युद्धात गेलेल्या सैनिकांच्या कबरी आणि स्मारकं सांभाळणाऱ्या कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशनच्या संकेतस्थळावर दोन्ही महायुद्धांतल्या त्यांच्या मृत सैनिकांची नोंद फुकट शोधता येते. नावानं शोधत बसू नका. इंग्रजांनी आपली नावं कशीही लिहिलीत. नंबर टाकला आणि थोरले आजोबा सापडले. सांग्रोच्या युद्धस्मशानभूमीत, दहन झालेल्या हिंदी सैनिकांच्या स्मारकावर त्यांचं नाव आहे. पानावर पणजोबांचं नाव आणि आमचं गावही होतं. वडिलांनी ते पान दोनदा वाचायला लावलं.

तेच पान आणि बेळगावच्या मराठा लाइट इन्फंट्रीच्या अभिलेख कार्यालयाकडून आलेलं उत्तर जोडलं. मग पत्र मिळालं. बेळगावला अर्ज पहिल्याच दिवशी टाका, मी उशिरा टाकला.

ग्रामसभेचंही आधी बघा. २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट, २ ऑक्टोबर या सभा ठरलेल्या. विषय आधी लेखी दिला नाही तर पुढच्या सभेवर जातो.

आणि कोरणाऱ्याला नाव तोंडी सांगू नका. आम्ही कागदावर मोठ्या अक्षरात लिहून दिलं, वडिलांची सही घेतली, काळ्या ग्रॅनाइटवर खडूनं आखलेलं समोर उभं राहून तपासलं. नावातली एक वेलांटी ऱ्हस्व आखली होती, ती छिन्नी लागण्याआधी दीर्घ करून घेतली.