तुम्ही विचारलंत म्हणून : काळ घडवणारी बाई म्हातारी का होते?

मी ज्या कल्पित जगाच्या गोष्टी लिहिते, तिथं एक स्थपती आहे. दगड-चुन्याबरोबर ती काळही रचते. तिनं बांधलेल्या खोलीत शिरलं की बाहेर एक घटका सरेपर्यंत आत अख्खा प्रहर मिळतो. या गोष्टी वाचणारं कुणी भेटलं की प्रश्न ठरलेला : जिच्या हातात काळ आहे, तिचे केस धाकट्या बहिणीच्या कितीतरी आधी का पिकतात? तिनं स्वतःसाठी थोडा काळ राखून का नाही ठेवला?

राखून ठेवता येत नाही, म्हणून. घटका २४ मिनिटांची, प्रहर तीन तासांचा. म्हणजे आतला काळ बाहेरच्या साडेसातपट धावतो. अडलेल्या बाळंतिणीला सोडवायला सुईणीला तो हवा असतो, खोल जखम शिवायला वैद्याला हवा असतो. पण वेळ जास्त मिळाला की शरीरालाही तो जगावा लागतो. भूक लागते, नखं वाढतात, डोळे शिणतात. स्थपती रोज बाहेरचा एक तास खोलीत काम करते, तो तिला साडेसात तासांचा पडतो. रोजचे साडेसहा तास जादा. ३० वर्षांत हे तास आठ वर्षांच्या वर जातात. दोन वर्षांनी धाकटी असलेली बहीण दहा वर्षांनी धाकटी होऊन बसते. हा हिशेब मी आधी मांडला, तिचं आयुष्य मागाहून लिहिलं.

आणि ही कल्पना अगदीच हवेतली नाही. उंचावरचं घड्याळ खालच्यापेक्षा किंचित जलद चालतं, असं आइन्स्टाइनचा सापेक्षतेचा सिद्धान्त सांगतो. २०१० साली अमेरिकेतल्या शास्त्रज्ञांनी एक अणुघड्याळ दुसऱ्यापेक्षा फक्त ३३ सेंटिमीटर उंच ठेवून हा फरक मोजून दाखवला. माणसाच्या अख्ख्या आयुष्यातही तो सेकंदाच्या एक कोटीव्या भागाइतकाच भरेल, पण तो असतो. हे वाचलं त्या दिवशी मी बराच वेळ जिन्यात उभी होते. वरच्या मजल्यावर राहणारा माणूस खरोखरच कणभर जास्त जगतो, आणि तो मजला कुणीतरी बांधलेला असतो!

तिचा स्वभाव मात्र मला बांधकामाच्या साइटवर सापडला. शिकून बाहेर पडल्यावर पहिली काही वर्षं मी तिथंच काढली. काँक्रीट वाळून घट्ट होतं असं लोकांना वाटतं. ते वाळत नाही. सिमेंट पाण्याशी संयोग पावून घट्ट होतं. म्हणून स्लॅबवर आळी करून पाणी साठवायचं, कॉलमला गोणपाट गुंडाळून ते ओलं ठेवायचं. सातव्या दिवशी साधारण दोन तृतीयांश ताकद येते, खरी परीक्षा २८व्या दिवशी, त्याच काँक्रीटचे ठोकळे दाबून फोडून पाहतात तेव्हा. साडेचार मीटरहून मोठ्या गाळ्याच्या, म्हणजे दोन आधारांमध्ये तेवढं अंतर असलेल्या, स्लॅबखालचे टेकू १४ दिवस हलवायचे नाहीत, हा नियम मला पाठ होता. तरी एकदा वरून घाई झाली आणि आठव्या दिवशी टेकू काढायला मी मान डोलावली. दुसऱ्या दिवशी सकाळी खाली उभं राहून वर पाहिलं. मधोमध पोट आलं होतं, आणि त्यात केसाएवढी, भिंतीपासून भिंतीपर्यंत गेलेली चीर. कुणाला इजा झाली नाही. स्लॅब फोडला. घणाचा तो आवाज माझ्या कानांतून गेलेला नाही.

तेव्हा माझ्या स्थपतीलाही मी हीच अट घातली. काळाची भिंत रचून भागत नाही, ती मुरावी लागते, आणि मुरेपर्यंत तिच्यापाशी रोज बसावं लागतं. तिच्या हातून एकदा एका कमानीचे टेकू लवकर निघतात. कमान पडत नाही, पण एका कोपऱ्यात काळ साचतो. ती तिथं तेलानं भरलेला दिवा ठेवते आणि हात मागं घेते न घेते तोच वात काजळून विझलेली असते, तेल संपलेलं असतं. त्या कोपऱ्यात कुणी झोपी गेलं असतं तर? ती ती कमान स्वतःच्या हातानं उतरवते, कुणाला हात लावू देत नाही. तिच्याबद्दल लिहिलेल्या सगळ्या पानांत मला ही पानं जवळची आहेत.

बहिणीबद्दलही तुम्ही विचारता. ती खोलीच्या दाराबाहेर घटिकापात्र घेऊन बसते. बुडाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यावर तरंगत ठेवायची. ती भरून बुडाली की एक घटका झाली. आपल्याकडे शतकानुशतकं अशीच वेळ मोजत. आतही तशीच एक वाटी असते. बाहेरची एकदा बुडते तोवर आतली सात वेळा बुडून आठव्यांदा निम्मी भरलेली असली, की खोली बरोबर जमली.

वाटी बुडाली की बहीण हाक मारते, "ताई!" बाहेरचं सगळंच आत संथ पोचतं, आवाजसुद्धा. ती एवढीशी हाक आत लांबत जाते, खर्जात उतरते, दूरच्या मेघासारखी घुमते. शब्द ओळखू येत नाही. सुरुवातीला स्थपती दचकून भिंत चाचपायची, कुठं तडा तर गेला नाही ना म्हणून. आता घुमणं सुरू झालं की ती हातातली थापी खाली ठेवते आणि ते पूर्ण होईपर्यंत ऐकत राहते.