अमावास्येच्या रात्री पडलेला पक्षी

लक्ष्मीपूजनाची रात्र होती. दाराशी एक पणती लावून मी रात्रपाळीला आलो होतो. हवाईतल्या कौआई बेटावर एका हॉटेलात मी मेंटेनन्सचं काम करतो. साडेनऊच्या सुमारास सिक्युरिटीच्या अंकलचा वायरलेस आला. (इथे वडीलधाऱ्या माणसाला सगळे अंकलच म्हणतात.) "स्वच्छ टॉवेल घेऊन पार्किंगमध्ये ये. आणि आधी माडांवरचे दिवे बंद कर."

त्या आठवड्यात एका कार्यक्रमासाठी माडांवर खालून वर असे फ्लडलाइट सोडायला सांगितलं होतं. ते मीच लावले होते.

गाडीच्या चाकाआड कबुतराहून थोडा मोठा पक्षी बसला होता. पाठ काळी, पोट पांढरंशुभ्र, चोच टोकाला वाकलेली. मानेवर पिल्लाची लव अजून शिल्लक होती. मी त्याला वर उडवून द्यायला निघालो, तर अंकलनी हात धरला. "हा आओ आहे. सपाट जमिनीवरून त्याला सहज उडता येत नाही. वर फेकलास तर आपटून मरेल."

आओ म्हणजे न्यूवेल्स शिअरवॉटर, एक समुद्रपक्षी. जगातले साधारण ९० टक्के आओ याच बेटावर घरटी करतात, तीही डोंगरात, नेच्यांच्या जाळीखाली जमिनीत बीळ करून. जोडीला वर्षाला एकच अंडं. सप्टेंबर ते डिसेंबरच्या दरम्यान पिल्लू एका रात्री एकटंच बाहेर पडतं आणि चंद्र-चांदण्यांच्या उजेडाच्या रोखाने समुद्र गाठतं. आईबाप सोबत नसतात. वाटेत आपले दिवे दिसले की ते त्यांच्याभोवती घिरट्या घालत राहतं आणि दमून खाली पडतं. मग मांजर तरी खातं, नाहीतर गाडीखाली तरी जातं. अमावास्येच्या आसपास सर्वांत जास्त पिल्लं पडतात, कारण आभाळात दुसरा उजेडच नसतो. रडारवरच्या मोजणीनुसार १९९३ ते २०१३ या वीस वर्षांत इथले आओ ९४ टक्क्यांनी घटले. तरी कौआईत मुंगसांनी बस्तान बसवलेलं नाही, म्हणून एवढे तरी उरले. १८८३ मध्ये उसाच्या मळ्यांतले उंदीर मारायला हवाईत मुंगूस आणलं गेलं. मूळ आपल्याकडचं जनावर, इंग्रजीतलं त्याचं नावसुद्धा मराठीतूनच गेलेलं.

मागून टॉवेल टाकून मी त्याला उचललं. भोकं पाडलेल्या खोक्यात ठेवलं. पाणी नाही, खाणं नाही. अंकलची सक्त ताकीद. खोकं मांडीवर धरून आम्ही अग्निशमन केंद्रात गेलो. असे पक्षी तिथे स्वीकारतात. १९७९ पासून चालणारा 'सेव्ह अवर शिअरवॉटर्स' हा उपक्रम पुढे त्यांची तपासणी करतो. वाटभर खोक्यातून नखांचा आवाज येत होता आणि माझ्या डोळ्यांसमोरून ते फ्लडलाइट हलत नव्हते.

दुसऱ्या दिवशी दुपारी अंकलच्या ओळखीने मला समुद्रकाठी येऊ दिलं. पंखांत पाणी शिरत नाही ना, हे तपासून झालं होतं. उपक्रमातल्या ताईंनी पिल्लाला दोन्ही तळव्यांवर घेऊन हात उंच धरले. बराच वेळ ते नुसतंच बसून राहिलं. मग वाऱ्याकडे तोंड केलं, पंख उघडले आणि लाटांना जवळजवळ टेकत निघून गेलं. ताई रडत होत्या. मीही.

संध्याकाळी मॅनेजरांना सगळं सांगितलं, त्यांनी होकार दिला. पॅनल उघडून माडांचा ब्रेकर पाडला, वर चिकटपट्टी लावली आणि लिहिलं : १५ डिसेंबरपर्यंत चालू करू नये.