पहिलटकरणीने घरून कधी निघायचं?

कॅनडाच्या उत्तरेला नुनावुत प्रांतात इनुइट या तिथल्या मूळ रहिवाशांची २५ गावं आहेत, आणि एका गावातून दुसऱ्या गावाला रस्ताच नाही. पहिलटकरणीला सहसा ३६-३७ व्या आठवड्यात विमानाने मोठ्या गावी नेतात. अठरा-एकोणीस वर्षांची पोर कित्येक आठवडे घरच्यांपासून लांब! कॅनडातच क्वेबेक प्रांताच्या उत्तर भागात पुविर्निटुक गावात मात्र १९८६ पासून प्रसूतिकेंद्र आहे आणि इनुइट बायाच तिथे सुईणीचं शिक्षण घेतात. सिझेरियनची सोय नसल्यामुळे बाळंतपण इथे की बाहेर, हे दर बाईचं आधीच ठरवतात. आपल्या नंदुरबारमधल्या धडगाव-अक्कलकुव्याच्या पाड्यांवर नेमकं हेच राहून जातं.

घोळ होतो तो तारखेचा. "शेवटची पाळी कधी आली?" म्हटलं की पोरगी गप्प. "भोंगऱ्याच्या बाजाराआधी की होळी झाल्यावर?" असं विचारा (भोंगऱ्या म्हणजे होळीआधीचा आदिवासी बाजार), पटकन सांगते. पाळीच्या पहिल्या दिवसात नऊ महिने सात दिवस मिळवा. १० मार्च असेल तर १७ डिसेंबर. त्याच्या तीन आठवडे आधी, म्हणजे २६ नोव्हेंबरच्या आत, तिने माहेरघरात, म्हणजे सरकारी दवाखान्यातल्या बाळंतपणाआधी राहायच्या खोलीत, पोचायला हवं. सोनोग्राफी पहिल्या तीन महिन्यांत करा. आठव्या-नवव्या महिन्यातली तारीख तीन आठवड्यांनीही चुकू शकते.

वय लपवू नका. लग्न अठराच्या आत झालेलं असलं की पोलिसांच्या भीतीने कार्डावर १९ लिहितात, नोंदणीही उशिरा करतात. कोवळ्या वयात रक्तदाब चढण्याचा, रक्त कमी असण्याचा आणि बाळ कमी वजनाचं होण्याचा धोका जास्त. खरं वय माहीत नसेल तर नर्सताई त्या नजरेने बघणार तरी कशी? डोकं ठणकणं, डोळ्यांपुढे अंधारी, तोंडावर सूज यांपैकी काहीही दिसलं तर तारखेची वाट न बघता १०८ ला फोन करा. लोहाची गोळी चहासोबत नको, कॅल्शियमच्या गोळीसोबतही नको. अंगी लागत नाही.

माहेरघरात तिच्याजवळ घरचं एक माणूस राहू शकतं. पण नोव्हेंबर म्हणजे ऊसतोडीचे दिवस, घरचे गुजरातला गेलेले, आणि मागे राहिलेल्या सासूला शेळ्यांची काळजी. मग पोरगी दोन दिवसांत परत येते. म्हणून सोबत कोण राहणार आणि शेळ्या कोण बघणार, हे दिवाळीआधीच आशाताईंसमोर बसून ठरवा. पिशवीत माता-बाल कार्ड, आधार, पासबुक आणि धुतलेली दोन मऊ सुती लुगडी भरून ठेवा.