बट्टांबांगमधला पितृपक्ष

कंबोडियातील अंकोरच्या मंदिरांचे तीन दिवस छायाचित्रांत आहेत, त्यांच्याविषयी येथे लिहीत नाही. पितरांच्या सणासाठी गावी निघालेल्या गर्दीतून दुप्पट भाडे देऊन बट्टांबांगला पोहोचलो, याचा राग मात्र मुक्कामाच्या घरातील भिंतीवरची दिनदर्शिका पाहीपर्यंत टिकला. मी उतरलो होतो त्या घरातील दिनदर्शिकेवर इंग्रजी तारखेखाली ख्मेर, म्हणजे कंबोडियन, तिथी छापलेली होती: शुद्ध पक्षाला ‘कएत’, वद्याला ‘रोच’, आणि महिना फत्रबोत, म्हणजे आपला भाद्रपद. १३ ऑक्टोबर २०२३ च्या चौकटीत १४ रोच होते, आणि घरी त्या दिवशी भाद्रपद वद्य चतुर्दशी होती.

हा मेळ सहज जमलेला नाही. त्यांचे महिने आलटूनपालटून २९ आणि ३० दिवसांचे असतात, आपल्यासारखा तिथीचा क्षय त्यांच्यात होत नाही, आणि सूर्याशी गाठ राखण्यासाठी अधिक महिना घ्यायचा तो नेहमी आषाढच. त्या वर्षी आपल्याकडे अधिक श्रावण होता आणि त्यांच्याकडे दुसरा आषाढ, त्यामुळे दोन्ही पंचांगे भाद्रपदात पुन्हा एकत्र आली होती.

फत्रबोताच्या वद्य पक्षातील या पंधरा दिवसांना प्चुम बेन म्हणतात. ‘बेन’ हा शब्द मूळचा आपला ‘पिंड’. पहाटे चारच्या सुमारास घरमालकीणबाईंबरोबर मी पॅगोडात गेलो. पावसाने अंगण निसरडे झाले होते, सर्वजण अनवाणी होते. बाईंनी माझ्या तळहातावर चिकट भाताचा, तीळ लावलेला एक गोळा ठेवला. तो अजून कोमट होता. प्रेतांना, म्हणजे भुकेल्या मृतात्म्यांना, उजेड सोसत नाही आणि त्यांचे तोंड सुईच्या छिद्राएवढे असते, म्हणून उजाडण्यापूर्वीच विहाराभोवती फिरत हे घास अंधारात टाकायचे. भिक्षूंचे पठण चालू होते. बाई प्रत्येक घासाबरोबर एकेक नाव पुटपुटत होत्या.

परतताना त्यांनी सांगितले की, १९७७ साली, त्या सहा वर्षांच्या असताना, वडिलांना घरातून नेले. ते कोठे आणि कोणत्या दिवशी गेले हे कोणालाच ठाऊक नाही. ख्मेर रूज या कम्युनिस्ट राजवटीच्या काळातील अशी असंख्य माणसे या देशात तिथीवाचून राहिली आहेत. ज्यांची तिथी माहीत नाही त्यांच्यासाठी आमच्याकडे उद्याची, सर्वपित्री अमावास्या असते, असे मी त्यांना सांगितले. त्या थांबल्या आणि म्हणाल्या, ‘आमच्याकडेही उद्याचाच दिवस मोठा.’

माझ्या वडिलांची तिथी मला पाठ आहे, वद्य नवमी. त्या दिवशी मी अंकोरजवळच्या सिएम रीपला विमानातून उतरत होतो, आणि श्राद्ध धाकट्या भावावर सोपवून आलो होतो. हातातला तो गोळा मी शेवटच्या फेरीपर्यंत टाकला नव्हता. टाकताना मात्र त्यांचे नाव घेतले.