सुनेची झाली बहीण

चुस लाम्प्रेआव्हे या स्पॅनिश नटी. बाई मला पहिल्यांदा भेटल्या त्या 'व्होल्व्हर' या सिनेमात. स्पेनच्या ला मांचामधलं खेडं, भेटीला आलेल्या भाच्या, आणि जाड भिंगांचा चष्मा लावलेली पाउला मावशी, म्हणजे याच बाई. डोळ्यांनी जवळजवळ काही दिसत नाही, तरी भाच्या निघताना डबे तयार. आत कुरकुरीत, गोड नळ्या; प्रत्येक डब्याला नावाची चिठ्ठी. एक राइमुंदाचा, एक सोलेचा, शेजारच्या आगुस्तिनाचासुद्धा एक.

मी तिथेच पिक्चर थांबवला. आमच्या आत्याकडून निघताना चकल्यांच्या डब्यावर अशीच पट्टी चिकटवलेली असायची. डबा परत कधी हवा, ते ती वर तोंडी सांगायची.

मावशी थोड्याच वेळात मरते आणि सिनेमा पुढे जातो. मी मात्र त्या चष्म्यापाशीच अडकलो.

बाईंच्या नावातलं चुस हे मारिया हेसूसचं लाडाचं रूप. आपल्याला उगाच चोखायचा रायवळ आंबा आठवतो. जन्म १९३०चा, माद्रिदचा. शिकल्या चित्रकला, आणि सिनेमात आल्या त्या १९५९च्या 'एल पिसितो'तून. त्यातला नायक भाड्याची जागा आपल्या नावावर राहावी म्हणून घरातल्या म्हाताऱ्या भाडेकरणीशीच लग्न करतो. पागडीच्या घरात वाढलेल्यांना ही गोष्ट वेगळी समजावून सांगावी लागत नाही.

त्यानंतर बरीच वर्षं किरकोळ कामं. 'व्होल्व्हर'चा दिग्दर्शक पेद्रो आल्मोदोव्हार, त्याच्या सिनेमात त्या पोचल्या १९८३मध्ये, पन्नाशी उलटल्यावर. पुढच्याच वर्षी 'व्हॉट हॅव आय डन टु डिझर्व धिस?'मध्ये आजी झाल्या. वय ५३. ही आजी मॅग्दालेना केक आणि सोड्याच्या बाटल्या कुलपात ठेवते आणि घरच्यांनाच पैसे घेऊन विकते. बागेत हिरवा सरडा सापडतो तर त्याचं नाव ठेवते 'पैसा', कारण तिला पैसा आवडतो. दुसरी कुणी असती तर ही म्हातारी खाष्ट झाली असती. चुसबाई ते सगळं इतक्या सरळ चेहऱ्याने करतात, की त्यात काही चुकतंय असं आपल्यालाही वाटेनासं होतं.

यात त्यांच्या सुनेचं काम केलं होतं कार्मेन माउराने. पुढे २२ वर्षांनी 'व्होल्व्हर'मध्ये हीच कार्मेन माउरा पाउला मावशीची बहीण झाली. सून पिकत पिकत बहिणीपर्यंत आली, आणि सासू होती तिथेच, त्याच चष्म्यासकट! नायिकांना हे जमत नाही. एकदा म्हातारी ठरलं की मग वय मोजायचं कारणच उरत नाही.

बक्षिसं मिळाली. 'बेल एपोक'मधल्या सनातनी आईच्या कामाला सहायक अभिनेत्रीचा स्पेनचा गोया पुरस्कार, आणि २००६ला कान चित्रपट महोत्सवात 'व्होल्व्हर'च्या सहाजणींना मिळून उत्कृष्ट अभिनेत्रीचा. त्या सहांत ही मावशीही होती, हे वाचून मला घरच्या माणसाला मिळाल्यासारखं बरं वाटलं.

पण मला त्या सगळ्यात जास्त आवडतात इमारतीच्या दारवानबाई म्हणून. आल्मोदोव्हारच्या आठ सिनेमांपैकी तिनांत त्यांनी हेच केलंय. येणाऱ्या-जाणाऱ्यावर नजर, आणि कुठल्या मजल्यावर काय शिजतंय याची खडान्‌खडा माहिती. १९८८च्या 'विमेन ऑन द व्हर्ज ऑफ अ नर्व्हस ब्रेकडाउन'मधली दारवानबाई 'यहोवाचे साक्षीदार' या ख्रिस्ती पंथाची आहे. धर्मात खोटं बोलायला बंदी, म्हणून तिला बिचारीला खरंच सांगावं लागतं, आणि ते तिच्या जिवावर येतं.

'टॉक टू हर'मधली तर कहर. इमारतीतला तरुण तुरुंगात गेलाय. तिला नेमका गुन्हा काय ते कळून घ्यायचंच आहे, पण खरं दुःख वेगळं आहे. एवढं मोठं प्रकरण झालं, दारवान या नात्याने सगळ्यांत जास्त ती त्याला ओळखते, आणि एकही टीव्हीवाला तिची मुलाखत घ्यायला फिरकलेला नाही.